एका गुणाचा विश्वविजेता

फॉर्म्युला वनच्या १९५८ सालच्या गुणतक्त्यात सगळ्यात वर दोन नावं आहेत, आणि दोघेही इंग्रज. माइक हॉथॉर्न, ४२ गुण. स्टर्लिंग मॉस, ४१ गुण. मॉसने त्या वर्षी चार शर्यती जिंकल्या, हॉथॉर्नने फक्त एक. तरीही ब्रिटनचा पहिला जगज्जेता ड्रायव्हर म्हणून नाव लागलं ते हॉथॉर्नचं. असं कसं झालं, एवढंच बघायला म्हणून मी त्याच्याबद्दल वाचायला घेतलं आणि गुंतत गेलो. कारण त्या ४२ गुणांपैकी ७ गुण हॉथॉर्नच्या हातून जवळजवळ गेलेच होते, आणि ते वाचवले खुद्द मॉसने.

आपल्याकडे शूमाखर आणि हॅमिल्टन घराघरांत माहीत आहेत. हॉथॉर्न मात्र इथेच जन्मलेल्या आपल्या मुलांनाही फारसा ठाऊक नसतो. सरे भागात राहणाऱ्या मंडळींना तर तो ठाऊक असायला हवा. त्याचं गॅरेज फार्नहॅमला होतं, आणि ज्या ए-३ रस्त्याने आपण गिल्डफर्डवरून लंडनला जातो, त्याच रस्त्यावर त्याचा शेवट झाला.

तसा तो मूळचा यॉर्कशायरचा. १० एप्रिल १९२९ रोजी मेक्सबरो गावी जन्मला. वडील लेस्ली हॉथॉर्न मोटरसायकलच्या शर्यतींतले. त्या काळी ब्रुकलँड्सचा ट्रॅक म्हणजे या वेडाची पंढरी! तिच्या जवळ राहायला मिळावं म्हणून लेस्लींनी १९३१ मध्ये बिऱ्हाड हलवलं आणि फार्नहॅमला 'टूरिस्ट ट्रॉफी गॅरेज' घेतलं. पोराचं बालपण इंजिनांच्या आवाजात आणि ऑइलच्या वासात गेलं. शाळा आर्डिंग्ली कॉलेज, मग गिल्डफर्डच्या डेनिस कंपनीत उमेदवारी. ही कंपनी ट्रक आणि आगीचे बंब बनवायची. बाप-लेकाचं नातं मित्रासारखं होतं. बापाने गाडी तयार करायची आणि लेकाने ती पळवायची, असा सरळ हिशेब.

पहिली स्पर्धा सप्टेंबर १९५० मधली, ब्रायटनच्या समुद्रकिनाऱ्यावरची. गाडी कुठली, तर १९३४ सालची जुनी रायली! तिच्यावर त्याने आपला गट जिंकला. पुढचं वर्षही रायलीवरच गेलं. मग १९५२ च्या ईस्टर सोमवारी गुडवुडला, तेविसावा वाढदिवस होऊन चारच दिवस झाले असताना, एका स्नेह्याने घेऊन दिलेल्या कूपर-ब्रिस्टल गाडीत बसून त्याने एकाच दिवसात दोन शर्यती जिंकल्या आणि तिसरीत दुसरा आला. सकाळी ज्याचं नाव फारसं कोणाला माहीत नव्हतं, तो संध्याकाळी इंग्लंडची आशा झाला होता. वर्षअखेरीस खुद्द फेरारीने त्याला करारबद्ध केलं.

उंचापुरा, सोनेरी केसांचा, तोंडात पाइप, बिअरचा शौकीन, आणि गाडी चालवतानाही गळ्यात बो टाय. साधा टाय वाऱ्याने तोंडावर फडफडतो म्हणून बो टाय, असं त्यामागचं साधं कारण. फ्रेंच लोकांनी त्यावरून त्याचं नाव 'पापियों' म्हणजे फुलपाखरू ठेवलं. फोटोत बघाल तर कॉलेजातला हूड मुलगा वाटतो. त्या वेळच्या गाड्यांना सीटबेल्टही नसायचा. गाडी उलटलीच तर ड्रायव्हर बाहेर फेकला जावा आणि आगीतून वाचावा, हा त्यातल्या त्यात सुरक्षेचा विचार.

५ जुलै १९५३, फ्रान्समधलं रीम्स. अंतर ५०० किलोमीटर. एका बाजूला मासेराटीमध्ये अर्जेंटिनाचा हुआन मान्युएल फँजिओ, जो तेव्हाच या खेळातला दादा माणूस समजला जाई, आणि दुसऱ्या बाजूला फेरारीमधला २४ वर्षांचा हॉथॉर्न. शर्यतीच्या उत्तरार्धात दोघे फेरीमागून फेरी एकमेकांना मागे टाकत होते, सरळ रस्त्यावर तर चाकाला चाक लावून शेजारी शेजारी. शेवटच्या वळणातून हॉथॉर्न पुढे निघाला आणि एका सेकंदाने जिंकला. १९५० मध्ये सुरू झालेल्या जागतिक स्पर्धेतली शर्यत जिंकणारा तो पहिला ब्रिटिश ड्रायव्हर.

त्यानंतरचं वर्ष म्हणजे साडेसातीच. सिराक्यूजच्या शर्यतीत गाडीने पेट घेतला आणि त्याचे हात-पाय भाजले. जूनमध्ये वडील गुडवुडहून परतताना रस्त्यावरच्या अपघातात गेले. आणि इकडे इंग्लंडातली वर्तमानपत्रं त्याच्या मागे लागली होती. तरुणांना सैन्यात सक्तीची भरती होती, आणि हा धडधाकट दिसणारा गडी परदेशात शर्यती करत हिंडतोय म्हणजे काय, असा सूर. प्रश्न पार्लमेंटपर्यंत गेला. खरी गोष्ट अशी होती की त्याला मूत्रपिंडाचा विकार होता. एक मूत्रपिंड गमावलेलं, दुसऱ्याची तक्रार पुढे सुरू झाली. सैन्यात घेण्याजोगा तो नव्हताच. पण दुखण्याचं भांडवल करणं त्याच्या स्वभावात नव्हतं, त्यामुळे लोकांच्या मनात 'पळपुटा' हा शिक्का बसला तो बसलाच. त्या वर्षाच्या शेवटी बार्सिलोनाला स्पॅनिश ग्राँ प्री त्याने जिंकली, एवढाच काय तो दिलासा. वडिलांचं गॅरेज सांभाळायला घराजवळ राहावं म्हणून त्याने फेरारी सोडली.

आता मी ज्या घटनेकडे येतोय, तिच्यासाठी थोडं थांबावं लागेल. ११ जून १९५५, ल माँ.

ल माँची शर्यत २४ तासांची. साडेतेरा किलोमीटरचा ट्रॅक म्हणजे खरं तर फ्रान्समधले साधे रस्तेच. दोन ड्रायव्हर आळीपाळीने एक गाडी चालवतात. हॉथॉर्न या वेळी जॅग्वारमध्ये होता, फँजिओ मर्सिडीजमध्ये, आणि फँजिओचा जोडीदार होता स्टर्लिंग मॉस. दुपारी चारला शर्यत सुटली आणि रीम्सचं जुनं भांडण जणू पुन्हा सुरू झालं. २४ तास टिकायचंय हे विसरून दोघे अडीच तास असे पळाले, जसं काही दहाच फेऱ्यांची शर्यत आहे. हॉथॉर्नने एक फेरी ताशी जवळजवळ १९७ किलोमीटर सरासरीने काढली.

साडेसहाच्या सुमारास त्याला पेट्रोलसाठी पिटमध्ये यायचं होतं. आज टीव्हीवर दिसते तशी पिटची वेगळी गल्ली तेव्हा नव्हती. ट्रॅकच्या उजव्या कडेलाच गाड्या थांबायच्या, आणि शेजारून बाकीच्या पूर्ण वेगाने जायच्या. समोर डाव्या हाताला मातीचा बांध, त्यामागे गर्दीने खच्चून भरलेले प्रेक्षक. हॉथॉर्नने लान्स मॅक्लिनच्या ऑस्टिन-हीलीला मागे टाकलं, उजवीकडे घेतलं आणि ब्रेक दाबला. जॅग्वारला नवे डिस्क ब्रेक होते, ती इतर गाड्यांपेक्षा फार लवकर थांबायची. मॅक्लिन गडबडला, त्याने गाडी डावीकडे काढली. मागून मर्सिडीजमध्ये पिएर लेवेग हा फ्रेंच ड्रायव्हर ताशी २४० च्या आसपास वेगाने येत होता, आणि त्याच्या मागे फँजिओ. लेवेगची गाडी हीलीच्या उतरत्या पाठीवर चढून हवेत उडाली आणि बांधावर आपटून फुटली. इंजिन आणि पुढचा भाग गर्दीतून आरपार गेला. लेवेग जागीच गेला. प्रेक्षकांतली ८० हून अधिक माणसं मेली. मोटर शर्यतींच्या इतिहासात एवढा भयंकर अपघात ना त्याआधी झाला, ना त्यानंतर.

हॉथॉर्न गडबडीत आपल्या पिटच्या पुढे जाऊन थांबला. गाडी मागे घ्यायला नियमाने बंदी, म्हणून त्याला त्या अवस्थेत पुन्हा एक पूर्ण फेरी मारायला पाठवलं. परत आला तेव्हा तो पार कोलमडला होता. पुन्हा कधी गाडीत बसणार नाही, या निश्चयाने तो बाजूला झाला. जॅग्वारचे मॅनेजर लॉफ्टी इंग्लंड यांनी समजूत काढून त्याला परत बसवलं. शर्यत थांबवली नाही. थांबवली असती तर लाखोंची गर्दी एकदम रस्त्यावर येऊन रुग्णवाहिका अडकल्या असत्या, असं संयोजकांचं म्हणणं पडलं, आणि ते अगदीच चुकीचं नव्हतं. मध्यरात्रीनंतर मर्सिडीजने, आघाडीवर असताना, आपल्या गाड्या मागे घेतल्या. जॅग्वारने घेतल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी हॉथॉर्न आणि आयव्हर ब्यूब जिंकले.

आणि मग तो फोटो. हातात शँपेनची बाटली, चेहऱ्यावर हसू. फ्रेंच नियतकालिकात तो छापून आला, खाली टोमणा मारणारी ओळ. त्या एका फोटोने हॉथॉर्नला फ्रान्समध्ये कायमचा गुन्हेगार केलं.

दोष कोणाचा? सरकारी चौकशीत कोणा एका ड्रायव्हरला जबाबदार धरलं गेलं नाही. मी यावर जेवढं वाचलं त्यावरून माझं मत असं झालंय की हॉथॉर्नने ब्रेक मारण्यात घाई केली असावी. मॅक्लिनला आणखी अर्धा सेकंद मिळायला हवा होता. पण एका माणसाच्या घाईची शिक्षा ८० जणांना मिळते, तेव्हा दोष त्या जागेत असतो. तो सरळ रस्ता जेव्हा आखला, तेव्हा गाड्या याच्या निम्म्या वेगानेही पळत नव्हत्या. गाड्या बदलल्या, रस्ता आणि बांध तसाच राहिला. पुढच्या वर्षी पिटची जागा नव्याने बांधली गेली. स्वित्झर्लंडने ट्रॅकवरच्या मोटर शर्यतींवर बंदीच घातली, ती पुढे कित्येक दशकं होती. मर्सिडीजही त्या मोसमानंतर अनेक वर्षं या खेळातून बाहेर राहिली. हॉथॉर्नने मात्र १९५८ मध्ये आत्मचरित्रात आपली बाजू मांडताना असं काही लिहिलं की मॅक्लिनने त्याच्यावर बदनामीचा दावा लावला. एवढं घडून गेल्यावर हे लिहायची गरज नव्हती असं मला वाटतं. दाव्याचा निकाल लागायच्या आत हॉथॉर्न गेला.

१९५६ चं वर्ष बीआरएमच्या सतत बिघडणाऱ्या गाड्यांत वाया गेलं, त्यावर लिहिण्यासारखं काही नाही. १९५७ मध्ये तो फेरारीत परतला, आणि तिथे त्याला पीटर कॉलिन्स मिळाला. कॉलिन्स त्याच्यापेक्षा दोन वर्षांनी लहान, किडरमिन्स्टरचा, देखणा आणि दिलदार. १९५६ मध्ये स्वतःला जगज्जेता व्हायची संधी असताना त्याने मोन्झाला आपली चालती गाडी फँजिओला देऊन टाकली होती. या दोघांचं असं जमलं की ते एकमेकांना 'मोनामी मेट' म्हणायचे, म्हणजे अर्धं फ्रेंच अर्धं इंग्रजी 'दोस्त यार'. जिंकलेली बक्षिसं वाटून घ्यायची, एकमेकांच्या खोड्या काढायच्या, असा सगळा प्रकार. ऑगस्टमध्ये न्युरबुर्गरिंगला दोघे पुढे होते. फँजिओ पिटमध्ये वेळ घालवून पाऊण मिनिटाच्या वर मागे पडलेला, आणि ४६ वर्षांच्या त्या माणसाने फेरीगणिक विक्रम मोडत शेवटच्या टप्प्यात दोघांनाही गाठून मागे टाकलं. हरलेले दोघे त्याच्याइतकेच खूश दिसत होते.

१९५८ चा मोसम मी जरा हिशेबानेच सांगतो. पहिल्याला ८ गुण, मग ६, ४, ३, २. सगळ्यात वेगवान फेरी काढणाऱ्याला एक गुण जास्तीचा. ११ शर्यतींपैकी ज्याच्या-त्याच्या सर्वोत्तम सहाच धरायच्या. मॉस व्हॅनवॉलमध्ये. (वर्षातली पहिली अर्जेंटिनाची शर्यत त्याने रॉब वॉकर नावाच्या खाजगी मालकाच्या छोट्या कूपरमध्ये जिंकली. हे वॉकर आपल्या जॉनी वॉकर व्हिस्कीच्या घराण्यातले. हे नाव लक्षात ठेवा.) हॉथॉर्न फेरारीमध्ये.

६ जुलैला रीम्सची फ्रेंच ग्राँ प्री हॉथॉर्नने जिंकली. त्या वर्षीचा त्याचा एकमेव विजय. पण त्याच शर्यतीत त्याचा इटालियन सहकारी लुईजी मुसो मारला गेला. आणि ती फँजिओचीही शेवटची शर्यत. हॉथॉर्न त्याला एक फेरी मागे टाकण्याच्या बेतात होता. त्याने वेग कमी केला, आणि ज्याच्याकडून शिकलो त्या माणसाला शेवटच्या शर्यतीत ही नामुष्की दिली नाही. चार आठवड्यांनी न्युरबुर्गरिंगवर कॉलिन्स टोनी ब्रुक्सचा पाठलाग करत होता आणि हॉथॉर्न कॉलिन्सच्या लगेच मागे. एका वळणावर कॉलिन्सची गाडी रस्ता सोडून उलटली. हॉथॉर्नने ते डोळ्यांसमोर पाहिलं. थोड्या वेळात त्याच्याही गाडीचा क्लच गेला. कॉलिन्स त्याच दिवशी इस्पितळात वारला, वय २६. त्यानंतर हॉथॉर्न शर्यतीत उतरत राहिला, पण त्यातला आनंद संपला होता.

तीन आठवड्यांनी, २४ ऑगस्टला पोर्टोला पोर्तुगीज ग्राँ प्री. शहरातलेच रस्ते, कुठे दगडी फरशी, कुठे ट्रामचे रूळ. मॉस पहिला आला. हॉथॉर्न दुसरा, शिवाय सगळ्यात वेगवान फेरी त्याची. त्यावरही एक किस्सा आहे. हॉथॉर्नने विक्रमी फेरी काढल्याचं मॉसला पिटमधून फळ्यावर लिहून दाखवलं होतं. 'रेकॉर्ड'चं जे संक्षिप्त रूप लिहिलं, ते मॉसने 'रेग्युलर' असं वाचलं, म्हणजे हॉथॉर्न नेहमीच्याच वेगाने चाललाय. त्यामुळे त्याने उत्तर दिलं नाही. तो एक गुण त्याने मिळवला असता, तर शेवटी मॉस ४२ आणि हॉथॉर्न ४१ झाले असते. एका अक्षराचा फरक!

पण खरी गोष्ट पुढेच आहे. शेवटच्या फेरीत हॉथॉर्नची गाडी गर्रकन फिरली आणि बंद पडली. तो उतरून ती चढावर ढकलत होता. जिंकून हळूहळू फेरी मारत येणाऱ्या मॉसने ते पाहिलं आणि ओरडून सांगितलं की उताराच्या बाजूला ढकल. गाडी सुरू झाली, हॉथॉर्नने शर्यत पुरी केली. मग पंचांनी त्याला बाद ठरवलं, कारण त्याने गाडी शर्यतीच्या उलट दिशेने नेली. मॉस आपण होऊन पंचांसमोर गेला आणि साक्ष दिली: गाडी उलट दिशेला ढकलली खरी, पण ती फुटपाथवर होती, ट्रॅकवर नव्हती. तेव्हा नियम मोडलेला नाही. पंचांनी निर्णय फिरवला. हॉथॉर्नला ७ गुण मिळाले.

ते गेले असते तर सहाव्या निकालाच्या जागी अर्जेंटिनाचे ४ धरले गेले असते, एकूण ३९. मॉस ४१ वर जगज्जेता झाला असता. मॉसला त्या संध्याकाळी शेवटचे आकडे माहीत नव्हते, पण समोरचा माणूस आपला एकमेव प्रतिस्पर्धी आहे हे चांगलं माहीत होतं. गप्प बसला असता तरी कोणी नाव ठेवलं नसतं.

आपल्यातल्या वडीलधाऱ्यांना १९८० ची वानखेडेवरची सुवर्णमहोत्सवी कसोटी आठवत असेल. इंग्लंड ५ बाद ५८, आणि बॉब टेलरला अंपायरने झेलबाद दिलं. आपला कप्तान गुंडाप्पा विश्वनाथ याला खात्री होती की चेंडू बॅटला लागला नाही. त्याने टेलरला परत बोलावलं. टेलर आणि बोथमने १७१ धावांची भागी केली आणि आपण सामना १० गडी राखून हरलो. तेव्हा विश्वनाथला शहाणा म्हणणारे होते आणि वेडा म्हणणारेही होते. मॉसचंही तसंच. फरक एवढाच, की विश्वनाथचा एक सामना गेला, मॉसची जन्माची संधी गेली. १९५५ ते १९५८ अशी ओळीने चार वर्षं तो दुसरा आला. २०२० मध्ये वयाच्या नव्वदीत गेला तोवर जगज्जेतेपद कधीच मिळालं नाही, आणि पोर्टोच्या साक्षीचा पश्चात्तापही त्याने कधी दाखवला नाही.

१९ ऑक्टोबरला कॅसाब्लांका. मॉसला शर्यत आणि वेगवान फेरी दोन्ही हवं, हॉथॉर्नला दुसरा नंबर पुरे. हॉथॉर्नच्या वाट्याला गाडीचा २ नंबर आला होता. रीम्सला मुसोच्या गाडीवर २ होता आणि न्युरबुर्गरिंगला कॉलिन्सच्याही. हॉथॉर्नने तो नाकारला आणि ६ नंबर घेतला. मॉसने जे करायचं ते सगळं केलं, शर्यत जिंकली आणि वेगवान फेरीही काढली. हॉथॉर्नच्या पुढे असलेला फेरारीचाच फिल हिल बाजूला झाला, हॉथॉर्न दुसरा आला आणि एका गुणाने जगज्जेता झाला. त्या दिवशी मॉसचा व्हॅनवॉलमधला सहकारी स्टुअर्ट लुइस-इव्हान्स गाडीला आग लागून भाजला, आणि सहा दिवसांनी गेला. एका मोसमात हे तिसरं मरण. हॉथॉर्नने काही आठवड्यांतच निवृत्ती जाहीर केली. वय २९. लग्न ठरलेलं होतं, गॅरेज होतं.

२२ जानेवारी १९५९. पाऊस आणि सोसाट्याचा वारा. हॉथॉर्न आपल्या हिरव्या ३.४ जॅग्वारमधून फार्नहॅमहून लंडनला निघाला होता. गिल्डफर्डच्या बायपासकडे उतरताना त्याला पुढे एक मर्सिडीज दिसली. चालवणारे होते रॉब वॉकर, ज्यांच्या कूपरने वर्षाच्या सुरुवातीला मॉसला अर्जेंटिनात जिंकून दिलं होतं. दोघांची ओळख होतीच. हॉथॉर्नने मर्सिडीजला मागे टाकलं. ओल्या रस्त्यावर त्याच्या जॅग्वारचा ताबा सुटला, ती समोरून येणाऱ्या लॉरीला घासून रस्त्याच्या कडेच्या झाडावर आदळली. जगज्जेता होऊन तीन महिनेच झाले होते.

मृत्यूच्या चौकशीत वॉकर यांनी वेगाबद्दल फारसं काही सांगितलं नाही. दोघे त्या सकाळी रस्त्यावर शर्यतच करत होते, हे त्यांनी मोकळेपणाने मान्य केलं ते कित्येक वर्षांनी. हॉथॉर्नला फार्नहॅमच्या वेस्ट स्ट्रीटवरच्या दफनभूमीत ठेवलं आहे. गावात त्याच्या नावाचा एक रस्ताही आहे.